सहा डिसेंबरचा वाचक

मुंबई हे बहुभाषिक शहर आहे आणि तिची वृत्तपत्रसृष्टीही बहुभाषिक आहे, ही गोष्ट आपल्याकडे अभिमानाने सांगितली जाते. मराठी, गुजराती, हिंदी, उर्दू, इंग्रजी अशा अनेक भाषांतली दैनिके त्या एका शहरात रोज सकाळी निघतात. यावरून सहजच असा समज होतो की, एका भाषेच्या पत्राने जे पाहिले नाही ते दुसऱ्या भाषेच्या पत्राने पाहिले असेल. भाषा अनेक, म्हणजे पाहणारे डोळेही अनेक. हा समज मीही बरीच वर्षे बाळगून होतो. तो कसा गेला आणि त्यातून कोणता प्रश्न माझ्यापुढे उभा राहिला, ते येथे मांडायचे आहे.

मी नाशिकला इंदिरानगरात राहतो. शिक्षकी पेशातून निवृत्त झालो आहे. मुंबईला राहणारा माझा भाचा सात डिसेंबरच्या सकाळी दादर स्टेशनबाहेरच्या विक्रेत्याकडून मिळतील त्या सगळ्या भाषांचे अंक विकत घेतो आणि गठ्ठा बांधून मला पाठवून देतो. मराठी, हिंदी आणि इंग्रजी मी वाचतो. गुजराती लिपी आपल्या लिपीच्या जवळची असल्यामुळे अडखळत का होईना वाचता येते. उर्दू अंक वडाळा गावात राहणारे माझे एक शिक्षकमित्र वाचून दाखवतात. गेली काही वर्षे हा आमचा नेम आहे. याला कोणी शास्त्रीय पाहणी म्हणू नये. एका वाचकाने डोळे उघडे ठेवून केलेले हे वाचन आहे, एवढेच.

सात डिसेंबरच का? कारण सहा डिसेंबर १९५६ रोजी बाबासाहेबांचे दिल्लीत महापरिनिर्वाण झाले, सात डिसेंबरला दादरच्या समुद्रकिनाऱ्यावर त्यांच्यावर अंत्यसंस्कार झाले, आणि तेव्हापासून दरवर्षी सहा डिसेंबरला लाखो माणसे दादरला येतात. एवढा मोठा जनसमुदाय दरवर्षी ठरल्या दिवशी, ठरल्या ठिकाणी, कोणी न बोलावता येतो, ही त्या शहराच्या आयुष्यातली एक मोठी घटना आहे. ती दुसऱ्या दिवशी कागदावर कशी उमटते, हे पाहिले की त्या कागदाची ओळख पटते.

मला काय दिसले ते सांगतो. इंग्रजी अंकात ही घटना बहुधा वाहतुकीच्या सदरात येते. कोणते रस्ते बंद, कोणती वाहने कुठून वळवली, किती पोलीस, किती फिरती शौचालये, किती टन कचरा उचलला. गुजराती अंकात ती एखाद्या फोटोपुरती येते. हिंदीत मंत्री आणि राज्यपाल यांनी पुष्पचक्र वाहिल्याची बातमी येते. उर्दू अंकाला त्या दिवशी सहा डिसेंबरचे दुसरे दुःख असते. १९९२ साली त्याच तारखेला बाबरी मशीद पाडली गेली आणि त्यानंतरच्या दंगलींत मुंबईच्या मुसलमानांनी जे भोगले ते तो अंक विसरू शकत नाही, आणि विसरूही नये. पण दादरची गर्दी त्यातही कडेला पडते. मराठी अंकांत तुलनेने अधिक जागा मिळते, हे प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. अभिवादनाचे फोटो असतात, अग्रलेख असतो, क्वचित एखादा बातमीदार मनापासून फिरून लिहितो. मात्र बरीचशी जागा पुढाऱ्यांच्या अभिवादनाच्या जाहिरातींनी भरलेली असते. तिचे पैसे मोजलेले असतात.

वाचून झाल्यावर उर्दू शिक्षकमित्र एकदा मला म्हणाले, "सर, जबान पाँच है, लेकिन एडिटर एकच बसलाय वाटतं." ते हसून म्हणाले, पण मला हसू आले नाही.

आता त्या दिवशी दादरला प्रत्यक्षात काय घडते ते पाहू. नाशिकरोड स्टेशनवर पाच डिसेंबरच्या रात्री उभे राहून पाहावे. निफाडकडची, सिन्नरकडची, येवल्याकडची माणसे भाकरीची गाठोडी आणि अंथरुणे घेऊन फलाटावर बसलेली असतात. विदर्भ-मराठवाड्यातून येणारी गाडी आधीच भरलेली येते. मी स्वतः कित्येकदा या गर्दीतून गेलो आहे. शिवाजी पार्कात पोचल्यावर नजरेत भरतात ती पुस्तकांची दुकाने. रांगाच्या रांगा. शासनाने १९७९ पासून प्रसिद्ध केलेले बाबासाहेबांच्या लेखन-भाषणांचे खंड, त्यांच्या एकेका भाषणाच्या पातळ पुस्तिका, फुल्यांची पुस्तके, बुद्धचरित्रे, आत्मकथने, गाण्यांच्या वह्या, दिनदर्शिका. विकणारे प्रकाशक मराठीच असतात असे नाही. हिंदी आणि इंग्रजी पुस्तकेही तिथे मांडलेली असतात. बोली तर किती ऐकू येतात! वऱ्हाडी, अहिराणी, मराठवाड्याची मराठी, उत्तर भारतीयांची हिंदी. बहुभाषिक मुंबई ज्याला म्हणतात ती त्या दिवशी त्या मैदानात असते.

तिथे एकदा एक म्हातारी माझ्या शेजारी उभी होती. तिने एक पुस्तिका उचलून विक्रेत्याला विचारले, "ह्याच्यात काय लिहिलंय बाबा?" त्याने नाव वाचून दाखवले. तिने कमरेची पिशवी सोडली, पैसे मोजून दिले आणि पुस्तिका पदरात बांधली. मी विचारले, "आजी, वाचता येतं का?" ती म्हणाली, "मला नाही येत. नातवाला येतं. तो वाचंल, मी ऐकंन."

हा प्रसंग मी भावनेच्या भरात सांगत नाही. तो या लेखाच्या मुद्द्याशी थेट संबंधित आहे. ज्या शहरात छापील शब्दाचा धंदा करणारी एवढी मोठी घराणी आहेत, त्या शहरात छापील शब्द विकत घेण्यासाठी रात्रभर प्रवास करून माणसे येतात. वाचता न येणारी बाईसुद्धा पुस्तक विकत घेते. वृत्तपत्राच्या दृष्टीने याहून मोठी बातमी कोणती असू शकेल? वाचक कमी होत आहेत म्हणून जे रडतात, त्यांच्या कचेऱ्यांपासून थोड्याच अंतरावर वाचकांचा हा समुद्र जमलेला असतो, आणि ते त्याला वाहतुकीचा अडथळा म्हणून पाहतात.

कोणी म्हणेल की, लाखो माणसे आली तर रस्ते बंद होणारच आणि ती माहिती नागरिकांना दिली पाहिजे. मान्य. पण रस्ते गणेशविसर्जनालाही बंद होतात. तेव्हाही वाहतुकीची माहिती छापली जाते आणि तिच्या जोडीला पानेच्या पाने उत्सवाची छायाचित्रे, पुरवण्या, मंडळांचे इतिहास, भाविकांच्या मुलाखती असतात. त्या गर्दीतला माणूस 'नागरिक' असतो. सहा डिसेंबरच्या गर्दीतला माणूस मात्र नागरिकांना त्रास देणारा कोणी तिसरा असतो. 'नागरिकांची गैरसोय' या दोन शब्दांत नागरिक कोण आणि गैरसोय कोण, याचा निकाल लागलेला असतो. तो निकाल पाचही भाषांत एकसारखा लागावा, हा योगायोग नाही.

याची कारणे शोधायची तर थोडे मागे जावे लागेल. मुंबईची वृत्तपत्रे मुळातच भाषेच्या नावाने निघाली तरी समाजविशेषांच्या हातांत राहिली. १८२२ साली फर्दुनजी मर्झबान यांनी 'मुंबई समाचार' काढला तो पारशी-गुजराती व्यापारी समाजाच्या आधारावर. १८३२ साली बाळशास्त्री जांभेकरांनी 'दर्पण' काढले. त्यात मराठी आणि इंग्रजी मजकूर शेजारी शेजारी छापला जाई. म्हणजे मराठी वृत्तपत्राचा जन्मच द्विभाषिक आहे. पण त्या दोन्ही रकान्यांचा लेखक आणि वाचक नवशिक्षित उच्चवर्णीयच होता. ही कोंडी प्रथम फोडली ती 'दीनबंधू'ने. कृष्णराव भालेकरांनी ते १८७७ साली पुण्यात सुरू केले आणि पुढे नारायण मेघाजी लोखंडे यांनी ते मुंबईत आणून गिरणी कामगारांचे मुखपत्र केले. शेतकरी आणि कामगार हा वृत्तपत्राचा वाचक असू शकतो, ही कल्पनाच त्याआधी नव्हती.

अस्पृश्य हा वाचक असू शकतो, ही कल्पना रुजायला आणखी काळ जावा लागला. ३१ जानेवारी १९२० रोजी 'मूकनायक'चा पहिला अंक निघाला. छत्रपती शाहू महाराजांनी त्याला अडीच हजार रुपयांचे साहाय्य केले होते. 'केसरी'ने मात्र पैसे देऊ करूनही या पत्राची जाहिरात छापली नाही, असे बाबासाहेबांचे चरित्रकार नोंदवतात. ही नोंद मला फार महत्त्वाची वाटते. मताशी मतभेद असू शकतो, बातमी गाळली जाऊ शकते; पण रोख पैसे मोजून दिलेली जाहिरात नाकारणे म्हणजे समोरच्याचे वाचक म्हणून, गिऱ्हाईक म्हणून असलेले अस्तित्वच नाकारणे. 'मूकनायक'च्या पहिल्याच अंकात बाबासाहेबांनी मुंबई इलाख्यातल्या वृत्तपत्रांवर नेमके हेच बोट ठेवले होते. ही पत्रे विशिष्ट जातींचे हित पाहतात आणि इतरांची त्यांना पर्वा नसते, असे ते म्हणाले. आणि समाज ही एक बोट आहे, एका उतारूने दुसऱ्याच्या खोलीला भोक पाडले तर सगळेच बुडतील, अशा अर्थाचा इशाराही त्यांनी दिला. शंभर वर्षांनंतर ते निदान तपासून पाहावे म्हणून मी सात डिसेंबरचा गठ्ठा उघडतो.

तेव्हाच्या आणि आताच्या परिस्थितीत एक फरक आहे, तो नजरेआड करून चालणार नाही. तेव्हा एकेक पत्र एकेका समाजाचे होते. आता एकाच मालकाची अनेक भाषांत पत्रे आहेत. इंग्रजी 'टाइम्स ऑफ इंडिया', मराठी 'महाराष्ट्र टाइम्स' आणि हिंदी 'नवभारत टाइम्स' ही एकाच घराण्याची. इंग्रजी 'मिड-डे', गुजराती 'मिड-डे' आणि उर्दू 'इन्किलाब' ही २०१० पासून एकाच हिंदी वृत्तपत्रसमूहाच्या मालकीची. म्हणजे भाषांच्या भिंती मालकाला अडवत नाहीत. त्या फक्त वाचकांना एकमेकांपासून वेगळे ठेवतात. एकाच छताखाली प्रत्येक भाषेच्या वाचकाला त्याचे त्याचे वेगळे शहर विकले जाते. आणि विकताना हिशेब असतो तो जाहिरातदाराचा. अंकाची किंमत कागद आणि छपाईचा खर्चही भरून काढत नाही; उरलेले पैसे जाहिरातदार देतो. जाहिरातदाराला हवा असतो खरेदी करणारा वाचक. कमरेच्या पिशवीतून मोजून पैसे काढणारी म्हातारी त्याच्या हिशेबात बसत नाही.

अग्रलेखात समता असते. ती खरी आहे की नाही हे पाहायचे असेल तर छोट्या जाहिराती वाचाव्यात, असे मी माझ्या विद्यार्थ्यांना सांगत असे. रविवारच्या वधूवर स्तंभाची मांडणी जातीनिहाय असते, मग भाषा कोणतीही असो. 'जातीची अट नाही' असे लिहून पुढे 'एससी, एसटी क्षमस्व' असे जोडणाऱ्या जाहिराती आपण सर्वांनी वाचल्या आहेत. घर भाड्याने देण्याच्या स्तंभात 'फक्त शाकाहारी कुटुंबास' असते. मी इंदिरानगरात घर शोधत होतो तेव्हा या तीन शब्दांचा अर्थ मला दारोदार समजावून सांगितला गेला. माझ्या आडनावानंतर काही ठिकाणी घर आधीच गेलेले असे. ती जाहिरात पुढच्या रविवारी पुन्हा छापून येई. पहिल्या पानावर बाबासाहेबांना अभिवादन आणि आतल्या पानावर त्यांच्या माणसांना घराबाहेर ठेवणारी जाहिरात, या दोन्हींचे पैसे एकाच खिडकीवर भरले जातात.

जाहिरातीनंतर दुसरे कारण म्हणजे बातमी ठरवणारी खुर्ची. १९९६ साली बी. एन. उनियाल या पत्रकाराने 'पायोनियर'मध्ये लिहिले की, आपल्याला दिल्लीत एकही दलित पत्रकार सापडला नाही. २०१९ साली ऑक्सफॅम इंडिया आणि न्यूजलाँड्री यांनी केलेल्या पाहणीत वृत्तकचेऱ्यांतल्या १२१ नेतृत्वपदांपैकी १०६ पदांवर उच्चवर्णीय आढळले आणि दलित-आदिवासी एकही आढळला नाही. दोन नोंदींमध्ये तेवीस वर्षे गेली आहेत. या काळात छपाईयंत्रे बदलली, दूरचित्रवाणीच्या वाहिन्या आल्या, बातमी मोबाइलवर आली. ती खुर्ची जिथल्या तिथे राहिली.

याचा परिणाम काय होतो ते खैरलांजीने दाखवून दिले. २९ सप्टेंबर २००६ रोजी भंडारा जिल्ह्यातल्या त्या गावात भोतमांगे कुटुंबातल्या चार माणसांची हत्या झाली. मायलेक मारले गेले, आणि मोठ्या शहरांतल्या बहुतेक वृत्तपत्रांना त्याचे गांभीर्य कळायला काही आठवडे लागले. नोव्हेंबरमध्ये लोक रस्त्यावर उतरले तेव्हा ती पहिल्या पानावर आली. पण तोवर बातमीचा विषय बदलला होता. हत्या मागे पडली आणि दगडफेक पुढे आली. मेलेल्या माणसांपेक्षा फुटलेल्या काचा मोठ्या झाल्या. सहा डिसेंबरची गर्दी वाहतुकीच्या सदरात जाते आणि खैरलांजीचा आक्रोश कायदा-सुव्यवस्थेच्या सदरात जातो. सदरे वेगळी असली तरी तिथे पाठवणारी नजर एकच.

एक अनुभव माझा स्वतःचा. एका वर्षी मी एका दैनिकाला पत्र लिहिले. शिवाजी पार्कावरची पुस्तकविक्री, तिथे येणारा वाचक आणि त्याच्याकडे होणारे दुर्लक्ष यांबद्दल ते पत्र होते. शेवटी एका वाक्यात मी लिहिले होते की, दुरून येणाऱ्या स्त्रियांसाठी स्वच्छतागृहे अपुरी पडतात. पत्र छापून आले. त्यात फक्त ते शेवटचे वाक्य होते आणि वर मथळा होता, 'अपुरी स्वच्छतागृहे'. माझे नाव खाली होते. मला राग आला, पण नंतर वाटले की पत्र कापणाऱ्याने खोटेपणा केला नव्हता. त्याच्या नजरेला त्या पत्रात तेवढेच दिसले असावे.

इथवर लिहिलेले वाचून आपल्या कार्यकर्त्यांना समाधान वाटेल. प्रस्थापितांना चार गोष्टी सुनावल्या की आपल्याला लेख पुरा झाल्यासारखा वाटतो. मला मात्र येथून पुढचेच अधिक महत्त्वाचे वाटते, कारण ते आपल्याबद्दल आहे.

आमच्या नाशिकचाच इतिहास घ्या. २ मार्च १९३० रोजी काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला. भाऊराव ऊर्फ दादासाहेब गायकवाड यांच्यासारखी माणसे पुढे होती, हजारो स्त्रीपुरुष रस्त्यावर उतरले होते. एप्रिलमध्ये रामनवमीच्या रथाच्या वेळी दगडांचा मारा झाला, माणसे रक्तबंबाळ झाली. हे सगळे ज्या काळात घडले त्या काळात बाबासाहेबांच्या हाती स्वतःचे पत्र नव्हते. महाडच्या पहिल्या सत्याग्रहानंतर दोनच आठवड्यांनी, ३ एप्रिल १९२७ रोजी सुरू झालेले 'बहिष्कृत भारत' १५ नोव्हेंबर १९२९ रोजी बंद पडले होते. 'जनता' निघाली ती २४ नोव्हेंबर १९३० रोजी. म्हणजे सत्याग्रह सुरू झाला तेव्हा एक पत्र बंद पडून साडेतीन महिने झाले होते आणि दुसरे निघायला जवळपास नऊ महिने अवकाश होता. सत्याग्रह सुरू होऊन दहा दिवस होतात न होतात तोच, १२ मार्चला, दांडीयात्रा निघाली आणि देशातल्या वृत्तपत्रांचे लक्ष तिकडे लागले. आमच्या शहराच्या इतिहासातला सर्वात मोठा लढा त्याच्या पहिल्या आणि सर्वात धगधगत्या महिन्यांत स्वतःच्या मुखाविना लढला गेला.

'बहिष्कृत भारत' का बंद पडले? ते सरकारने बंद केले नाही. वर्गणीदार पुरेसे नव्हते. चोवीस चोवीस रकाने संपादकाला एकट्याने लिहून भरावे लागत. फेब्रुवारी १९२८ मध्ये बाबासाहेबांनी या पत्राचे ऋण हे लौकिक ऋण नव्हे काय, असा प्रश्न करणारा अग्रलेख लिहिला. त्यांनी समाजापुढे हिशेब ठेवला होता. समाज गरीब होता हे खरे. पोटाला नसताना पत्राला कोठून देणार, हे उत्तर १९२८ साली पटण्याजोगे होते. आज ते आपल्या तोंडी शोभते काय?

इंदिरानगरात, सिडकोत, नाशिकरोडला आपल्यातले शिक्षक आहेत, बँकेतले आणि शासकीय कचेऱ्यांतले नोकरदार आहेत, डॉक्टर आहेत. चौदा एप्रिलला चौकाचौकांत जे फलक लागतात त्यांवर बाबासाहेबांच्या छायाचित्राखाली वीस-वीस जणांचे चेहरे असतात. एका फलकाचा खर्च म्हणजे एखाद्या त्रैमासिकाची कित्येक वर्षांची वर्गणी. आपल्या चळवळीतून निघणारी 'सम्राट', 'महानायक' यांसारखी दैनिके किती घरांत येतात? नियतकालिक फुकट आले तर आपण वाचतो. वर्गणीचे स्मरणपत्र आले की बाजूला ठेवतो. सकाळी मात्र आपल्या दारात पडतो तो अंक, ज्याच्याबद्दल आपण संध्याकाळच्या सभेत तक्रार करतो. पैसे त्याला आणि तक्रार सभेला, अशी आपली विभागणी आहे.

जून २०१६ मध्ये दादरचे आंबेडकर भवन आणि त्यातला बुद्धभूषण छापखाना रात्रीतून पाडला गेला. चळवळीची पत्रे ज्या छापखान्यात छापली गेली तो जमीनदोस्त झाल्यावर जुलैमध्ये मुंबईत प्रचंड मोर्चा निघाला. मीही त्या मोर्चात होतो. परत येताना गाडीत मनात आले की, आज चाललेल्या माणसांनी तो छापखाना उभा असताना त्यातून निघणाऱ्या कागदाची वर्गणी भरली असती तर काय झाले असते? पाडलेल्या यंत्रासाठी आपण लाखोंनी येतो. चालत्या यंत्रासाठी शेकड्यांनीही येत नाही.

आमच्या भागातल्या अभ्यासिकेत स्पर्धापरीक्षेची तयारी करणारी मुले-मुली बसतात. त्यांत आपली पुष्कळ आहेत. ती रोज वृत्तपत्र वाचतात, अग्रलेखाखाली रेघा ओढतात, कात्रणे काढतात. मी एकदा सात डिसेंबरचा गठ्ठा त्यांच्यापुढे ठेवला आणि या पाच अंकांत काय नाही ते शोधा असे सांगितले. एक हुशार मुलगी जरा संकोचून म्हणाली, "सर, जे नाही ते परीक्षेत विचारत नाहीत." तिचे चुकले असे मला म्हणता येईना. जे छापले आहे तेवढेच जग आहे, असे तिला शिकवणाऱ्यांत मीही होतो.

काही तरुण म्हणतात, आता वृत्तपत्रांचे काय घेऊन बसलात? मोबाइलवर आपली माणसे स्वतःच बातमी देतात. यात तथ्य आहे. बातमी दडपून ठेवणे आता पूर्वीइतके सोपे राहिलेले नाही. २०२१ साली मीना कोटवाल या तरुण पत्रकार स्त्रीने 'द मूकनायक' हेच नाव घेऊन नवे माध्यम उभे केले, ही गोष्ट उमेद देणारी आहे. आपल्या परंपरेत कागदाशिवाय बातमी पोचवण्याची विद्याही जुनी आहे. सिन्नर तालुक्यातल्या देशवंडीत जन्मलेले वामनदादा कर्डक गावोगाव गात फिरले. ज्यांना वाचता येत नव्हते त्यांच्यापर्यंत बाबासाहेबांचा विचार त्यांच्यासारख्या गायकांनी पोचवला. पण वामनदादांचे गाणे ऐकायला गाव वर्गणी काढत असे, हे विसरू नये. मोबाइलवर जे फुकट मिळते त्याची किंमतही जाहिरातदारच देतो, आणि तो कोणत्या मजकुराला वर आणायचे ते स्वतःच्या हिशेबाने ठरवतो. खुर्ची दिसेनाशी झाली, म्हणजे ती रिकामी झाली असे नाही.

म्हणून माझे म्हणणे थोडक्यात असे आहे. वृत्तपत्र कोणाला पाहते, हे त्याच्या भाषेवरून ठरत नाही. ते कोणाला आपला वाचक समजते, यावरून ठरते. प्रस्थापित पत्रांनी आपल्याला वाचक मानावे म्हणून आग्रह धरलाच पाहिजे. वृत्तकचेऱ्यांत आपली मुले-मुली गेली पाहिजेत, आणि त्या कचेऱ्यांची सामाजिक मोजदाद वारंवार प्रसिद्ध झाली पाहिजे. पण तेवढ्यावर थांबलो तर आपण दुसऱ्याच्या दारात अर्ज घेऊन उभे राहू. आपण स्वतः स्वतःला वाचक मानतो की नाही, हा पहिला प्रश्न आहे. वाचक म्हणजे केवळ वाचणारा नव्हे. जो कागदाची किंमत देतो तो वाचक. सहा डिसेंबरला दादरला येणाऱ्या निरक्षर म्हातारीला हे कळलेले आहे. साक्षर झालेल्या आम्हाला ते अजून कळायचे आहे.

इंदिरानगरातल्या आम्ही काही जणांनी एक लहानसे काम ठरवले आहे. सात डिसेंबरच्या पाचही भाषांतल्या अंकांची कात्रणे एका वहीत लावायची, उर्दू आणि गुजराती मजकूर मराठीत उतरवायचा, आणि ती वही अभ्यासिकेत ठेवायची. अभ्यासिकेतली ती मुलगी पहिल्या वहीचे लेखन करते आहे. दुसरे असे की, फलकासाठी जो वर्गणी मागायला येईल त्याला आधी विचारायचे: आपल्या कोणत्या पत्राची वर्गणी तू भरली आहेस? पावती दाखव, मग फलकाचे बोलू. यावरून दोन जण रागावले आहेत. एकाने पावती आणून दाखवली.